एका फेरीला एकच नाक

दूध काळं झालं होतं. पांढऱ्या गोष्टीला इतकं काळं होता येतं हे तिला नवीन होतं.

भाऊ लहानपणी खोडरबर चघळायचा. साधं नाही, गुलाबी, वासाचं. वर्गातल्या मुली त्याला बघून कंपासपेट्या बंद करायच्या.

कांदा चिरला की डोळ्यांत पाणी येतं. पाणी आलं, म्हणजे कांदा आहे.

मिट्ट अंधारात आपला हात हलवला तर तो दिसल्यासारखा वाटतो. दिसत नसतो. हात कुठे आहे हे आपल्याला ठाऊक असतं, एवढंच.

एका फेरीला एकच नाक.

"अगं! घर पेटवायचंय का?"

हे शेवटचं नवरा म्हणाला. अर्ध्या तोंडाला साबण, खांद्यावर टॉवेल, तसाच तो पळत आला, शेगडी बंद केली आणि टॉवेलने धूर खिडकीकडे हाकलू लागला, जणू धूर म्हणजे मधल्या सुट्टीनंतर वर्गात न शिरणारी पोरं. तो शाळेत भूगोल शिकवतो. खोकत खोकत म्हणाला, "तू इथेच उभी होतीस?" ती इथेच उभी होती, पातेल्यापासून दोन हातांवर, कांदा चिरत. "विचारात होते," ती म्हणाली. "असला कसला विचार? मला तिकडे आत नाकाला झोंबलं, आणि तू..." पुढचं तो बोलला नाही. पुढे एवढंच उरलं होतं की तू तर नाकाचंच खातेस. धूर तिला दिसत होता. करडा, छताशी पसरून खाली येणारा, चांगला घट्ट धूर. पण तो सिनेमातल्या धुरासारखा होता, पडद्याच्या पलीकडचा. तिने श्वास ओढून घेतला. हवा आत आली, गार, दोन्ही नाकपुड्यांतून, कुठेही न अडता, आणि तिच्यात काहीच नव्हतं. पाण्याचा घोट घ्यावा तशी. "सर्दी झालीय का तुला?" "नाही." सर्दी असती तर किती बरं झालं असतं. सर्दी झालेल्या नाकाला घरी बसवतात, कोणी बोल लावत नाही, आणि सर्दी कधी सुरू झाली हे माणसाला माहीत असतं. दूध आज जळलं होतं. नाक कधी गेलं होतं?

ती ज्या संशोधन केंद्रात काम करते तिथे तिच्या हुद्द्याला लांबलचक नाव आहे, पण ते पगाराच्या कागदापुरतं. सगळे म्हणतात नाक. तशी तीन नाकं आहेत. तळघरात एक खोली आहे, तिला खिडकी नाही, दिवा नाही, दिव्याची जागासुद्धा नाही. खोलीत लाकडाच्या भुश्याचे वाफे, आणि भुश्यातून सगळीकडे गेलेले बुरशीचे तंतू, केसाहून बारीक, जिवंत, एकमेकांत गुंतलेले. वाफ्यांच्या खाली, जाड भिंतीआड, जिथे हवाही गोठून पडेल अशा थंडीत, क्वांटम चिप. वर ऊब, खाली थंडी, आणि मधे दोघांना बांधणाऱ्या तारा. हे लग्न कसं टिकतं ते कोणालाच नीट सांगता येत नाही. थंडी सांभाळणाऱ्या मुलीला सगळे थंडीवाली म्हणतात. तिने पहिल्याच दिवशी समजावलं होतं, "हजार रस्ते आहेत असं समजा. आमची चिप सगळ्यांवरून एकदम चालते. पण एकटी असली की तिचा पाय लगेच घसरतो. तुमची बुरशी जोडली की ती आठवडेच्या आठवडे चालत राहते, आणि बुरशी वाईट रस्ते खाऊन टाकते. शेवटी उरतो तो आपला. फक्त मधे कोणी बघायचं नाही. बघितलं की दोघं जागच्या जागी थिजतात आणि हाताला लागेल तो रस्ता पुढे करतात." बघितलं म्हणजे दिवा लावला, सुई टोचली, कसलंही यंत्र लावलं. एक वास तेवढा चालतो, कारण वास बुरशी आपणहून सोडते. तो कोणी घेतला काय, न घेतला काय, तिचं काही अडत नाही. म्हणून नाकांना पगार मिळतो. नाकाने अंधारात आत जायचं, एकेका वाफ्यावर वाकायचं. ओल्या पुठ्ठ्याचा वास म्हणजे ठीक. कच्च्या बटाट्याचा म्हणजे भूक लागलीय, साखरपाणी शिंपडा. आणि आंबूस, घामेजल्या मुठीतल्या नाण्यांसारखा आला, तर दुसरीच कुठली बुरशी आत घुसलीय, आणि तो वाफा वाईट रस्त्यांबरोबर चांगलेही खातोय. बाहेर कळवायला सुती दोरी आहे, भिंतीतल्या भोकातून पलीकडच्या घंटेला बांधलेली. एक हिसका ठीक, दोन हिसके भूक. ओढून धरली, तर फेरी थांबवा. आणि एका फेरीला, म्हणजे एक गणित घातल्यापासून उत्तर येईपर्यंत, एकच नाक. हे कुठे लिहिलेलं नाही. तंतूंना पहिल्या दिवसापासून एका माणसाच्या उच्छ्वासाची सवय होते, त्या ओलीत ते वाढतात. मधेच दुसरं कोणी आत शिरलं तर तेही बघितल्यासारखंच होतं. एकदा असं झालं होतं, ती इथे कामाला लागायच्या आधी. उत्तर आलं होतं, नीटनेटकं, आणि त्या उत्तरावर बांधलेला पूल अजून कागदावरच आहे, हे नशीब.

ही फेरी तिची होती.

बसमध्ये तिने आपला रुमाल हुंगला. मग पुढच्या बाईच्या केसांकडे झुकली, इतकी की बाईने पर्स मांडीवरून पोटाशी घेतली. काही नाही. घरून निघताना तिने मोरीतलं फिनेल उघडून पाहिलं होतं, डोळे चुरचुरले, बाकी काही नाही. नवऱ्याचा कालचा शर्ट तोंडावर धरला होता, कापड होतं. तो दारातून बघत म्हणाला, "आज फारच प्रेम आलंय." ती हसली. आईची आठवण आली. आई तिला लहानपणी बाजारात पुढे करायची, हे बघ गं, हा मासा कालचा आहे का, आणि कोळीण कमरेवर हात ठेवून म्हणायची, बाई, पोरगी आहे का मांजर? भाऊ मागे उभा, गालात खोडरबर. त्याला कुठल्याही गोष्टीचा वास यायचा नाही, म्हणजे यायचा, पण तो सगळ्याला छान म्हणायचा. पेट्रोल छान, नवी वही छान, आजारी माणसाची खोली छान. आणि आता ती बसमध्ये बसून त्या गुलाबी खोडरबराचा वास आणू बघत होती आणि तो आला. सरळ आला, गोडसर, थोडा औषधी, जिभेच्या मागच्या बाजूला. तिला एकदम हायसं वाटलं. मग कळलं की बसमध्ये खोडरबर नाही.

हे कळल्यावर ती तळघराचाच विचार करू लागली. कारण खोलीत वास येत होता. काल आला होता, परवा आला होता, ओला पुठ्ठा, प्रत्येक वाफ्यावर, आणि ती एकेक हिसका देत गेली होती. घरी येत नाही, बसमध्ये येत नाही, पण तिथे येतो. असं असू शकतं, ती स्वतःला सांगत होती. नाकाला कामाची सवय असते. म्हातारा गवई बोलताना अडखळतो आणि गाताना अडखळत नाही, तसं. अंधारात दुसरं काही नसतं म्हणून तिथे नाक जागं होत असेल. असू शकतं. तळघरातल्या खोलीत जाताना तिने केस टोपीत कोंबले, चपला काढल्या, आतलं जाड दार मागे ओढून घेतलं. अंधार नेहमीचाच, डोळे उघडे ठेवले काय, मिटले काय. पावलांना रबरी पट्टी लागली. पहिला वाफा उजव्या हाताला, गुडघ्याच्या वर. ओला पुठ्ठा. आला! ती इतकी खूश झाली की दोरीला हिसका जरा जोरातच बसला. दुसरा वाफा, ओला पुठ्ठा. तिसरा. चौथ्याकडे वळताना ती पट्टीवर जरा आधीच थांबली, पायाला काहीतरी टोचलं म्हणून, भुश्याची ढलपी असावी, ती वाकून काढत होती, वाफ्याकडे पाठ करून. आणि तेवढ्यात वास आला. वेळेवर आला. ती वाफ्याशी पोचायला हवी होती त्या क्षणी, अगदी ठरल्या ठिकाणी, ओला पुठ्ठा आला. ती तशीच वाकून राहिली. ढलपी बोटांत. कोणीतरी आपल्या आधी बोलून गेलं, तिला वाटलं, आपल्याच आवाजात. मग ती वाफ्यावर वाकली, श्वास घेतला, आणि हो, होताच वास, चांगला भरघोस. तिने हिसका दिला. पाचवा, हिसका. सहावा, हिसका. सातव्यावर तिने जरा जास्त वेळ लावला असेल, कारण बाहेर आल्यावर थंडीवाली म्हणाली, "सातव्यात काही आहे का हो?" "नाही. ठीक आहे." "नाही, घंटा उशिरा वाजली." "पायात ढलपी गेली होती." थंडीवालीने तिच्या पायाकडे पाहिलं. पायाला काही झालेलं नव्हतं.

या फेरीत नऊ माणसं होती. म्हणजे त्यांची रक्तं होती, आकड्यांच्या रूपात. त्या आजारावर दोन औषधं मिळून द्यावी लागतात, आणि प्रत्येकाच्या अंगात त्यांचं प्रमाण वेगळं. जरा कमी पडलं तर आजार उरतो, जरा जास्त झालं तर माणूस उरत नाही. साध्या यंत्रावर ते गणित सुटेपर्यंत सगळे म्हातारे होतील, किंवा होणार नाहीत. केंद्रात त्या नऊंना नावं नव्हती. तिला त्यातलं एक माहीत होतं, कारण हॉस्पिटलातल्या डॉक्टरीणबाईंनी भावाला हसत सांगितलं होतं, तुझं गणित तुझ्या बहिणीच्याच तळघरात जाणार बरं का, आणि भावाने ते वॉर्डभर करून टाकलं होतं. भाऊ लिफ्ट दुरुस्त करतो. करायचा. करतो. दोर, कप्प्या, ब्रेक. धिप्पाड माणूस, आता पलंगावर त्याचा आकार तसाच आहे पण आत कोणी हवा कमी केल्यासारखी. फेरी संपायला थोडेच दिवस उरले होते. मधे थांबवली तर नवा भुसा, नवी लागण, तंतू पसरायलाच दीड-दोन महिने. डॉक्टरीणबाईंनी महिन्याच्या आत औषध सुरू करायचं म्हटलं होतं; गणित नाही आलं तर अंदाजाने करू, म्हणाल्या होत्या, आणि 'अंदाजाने' म्हणताना त्यांनी चष्मा काढून पुसला होता.

दुपारी डबा खाताना ती आत्याबाईंजवळ बसली. आत्याबाई कोणाच्याच आत्या नाहीत, केंद्रातलं सगळ्यात जुनं नाक आहेत, आणि डब्याचं झाकण उघडायच्या आधी समोरच्याच्या डब्यात काय आहे ते सांगायची त्यांना खोड आहे. "कांदा. आणि काहीतरी करपलंय तुझ्याकडे. केसांत आहे." "दूध जळलं सकाळी." "तुझ्या हातून?" आत्याबाई थांबल्या. घास हातात. "विचारात होते," तिने पुन्हा तेच सांगितलं. हे वाक्य आता घासून गुळगुळीत झालं होतं. आत्याबाई बराच वेळ चावत राहिल्या. "माझंही एकदा गेलं होतं," त्या म्हणाल्या. "परत आलं?" "आलं की. नाहीतर इथे कशाला बसले असते. दोन दिवसांत आलं." "आणि ते दोन दिवस?" "तेव्हा माझी फेरी नव्हती." त्यांनी पाण्याचा घोट घेतला. "तुझं गेलंय, असं म्हणतेस का तू?" "नाही." "मग विचारू नकोस. विचारलंस, तर मला वर जाऊन सांगावं लागेल." आणि मग, झाकण लावताना, तिच्याकडे न बघता: "आत असताना येतो का?" "येतो." "मग झालं," आत्याबाई म्हणाल्या, पण उठताना त्यांनी तिच्या खांद्यावर हात ठेवला, आणि तो हात जरा जड होता, सांत्वनाला येतात तेव्हा ठेवतात तसा.

हॉस्पिटलच्या लिफ्टमध्ये ती नेहमी भावाच्या कानांनी ऐकते. तिसऱ्या मजल्याला कप्पी कुरकुरते, भाऊ म्हणाला होता, ताई, मला इथून बरं करून सोडलं की पहिलं हे करीन, फुकट करीन, झोप लागत नाही मला त्या आवाजाने. दारातून आत आली तसा तो म्हणाला, "आली बुरशी." हे रोजचं. तिच्या केसांना तळघराचा वास येतो म्हणे. "आज जास्तच घमघमतेयस. खोली घेऊनच आलीस की काय?" ती हसली, स्टूल ओढून बसली, पिशवीतून संत्रं काढलं आणि सोलायला लागली. सालीतून तुषार उडाले, उन्हात दिसले. बाहेरच्या बाजूने सफाईवाली बाई आली, पदर नाकाला लावून, दारातूनच म्हणाली, "आलेच हं, बादली घेऊन येते," आणि गेली. तिने एक फोड भावापुढे धरली, एक स्वतः तोंडात टाकली. भाऊ फोडीकडे बघत नव्हता, तिच्याकडे बघत होता.

"ताई, तुला वास येत नाही."

"येतो की."

"कसला येतोय, सांग."

तिने आजूबाजूला पाहिलं. बाटल्या, चादर, खिडकीतली कुंडी. "औषधांचा."

"पलंगाखाली बघ."

पलंगाखाली शौचाचं भांडं होतं. वरचा कागद सरकलेला. ते तिच्या पायापासून वीतभर अंतरावर होतं आणि ती संत्रं खात होती. तिने फोड हातरुमालात गुंडाळली. आता इतक्या उशिरा किळस दाखवणं बरं दिसलं नसतं.

"किती दिवस?" भाऊ म्हणाला.

"माहीत नाही."

"माहीत नाही म्हणजे? पंखा कधी बंद पडला हे माणसाला कळत नाही?"

"पंख्याचा आवाज आठवत राहिला तर नाही कळत."

तिने मग सगळं सांगितलं, दूध, बस, खोडरबर. खोडरबर ऐकून तो हसला, मग हसण्याने दुखलं म्हणून थांबला. "पण तिथे आत येतो ना?" "तिथे येतो." "मग?" "वाकायच्या आधी येतो, रे." हे तिने पहिल्यांदाच मोठ्याने म्हटलं आणि म्हटल्यावर ते खोलीत राहिलं. बाई बादली घेऊन आली, पुसून गेली. तोवर दोघं खिडकीतल्या कुंडीकडे बघत बसले, जणू पाहुणे आलेत.

"थांबवली तर?" तो म्हणाला.

"नव्याने सगळं. दीड-दोन महिने."

"म्हणजे मला अंदाजाने देणार. आणि नाही थांबवलीस, आणि एखादा वाफा सडलेला असला तर?"

"तर उत्तर येईल. नेमकं. चुकीचं."

"आणि नसला सडलेला, तर?"

"तर तू बरा होशील."

"मग मला काय विचारतेस? नाणं काढ."

"चेष्टा नको. तू सांगशील ते करीन."

"म्हणूनच नाही सांगणार." तो एकदम चिडला, आणि चिडल्यावर क्षणभर पूर्वीइतका मोठा दिसला. "मी चालू ठेव म्हणालो आणि गचकलो, तर तू जन्मभर सांगत फिरशील, त्यानेच सांगितलं होतं. थांबव म्हणालो आणि गचकलो, तरी तेच. नाही जमायचं, ताई. मी कधी तुला फोन करून विचारलं, दोर बदलू का नको? आणि आणखी आठ जण आहेत त्यात. त्यांच्या उशाशी जाऊन विचारून आलीस का?" ती रडायला लागली नाही. नाकातून पाणी आलं, ते तिने पुसलं. पाणी येत होतं, म्हणजे नाक होतं. तो डोळे मिटून पडला. झोपला असं वाटलं तेव्हा मिटल्या डोळ्यांनी म्हणाला, "खडखडणाऱ्या लिफ्टमध्ये लोक कसे चढतात बघितलंयस? कठडा धरून, कान टवकारून. जरा खुट्ट झालं की बटण दाबतात. तसल्या लिफ्टमध्ये सहसा काही होत नाही कोणाला. होतं ते 'तपासली' असा कागद चिकटवलेल्या लिफ्टमध्ये. तिथे माणूस मोबाईलमध्ये डोकं घालून उभा असतो." थोड्या वेळाने: "हे मी लिफ्टबद्दल बोललो हं. उगाच अर्थ काढत बसू नकोस." आणि आणखी थोड्या वेळाने, "भीती वाटतेय, ताई," इतक्या साध्या आवाजात, की तिला वाटलं पाणी मागतोय, आणि ती उठून ग्लास भरायला गेली.

घरी नवऱ्याने नवं दूध तापवून ठेवलं होतं, स्वतः, आणि वर झाकण. त्याने काही विचारलं नाही. जेवताना तो एकदम म्हणाला, "जवळच्या केमिस्टकडे पेपरमिंटचं तेल मिळतं. अगदी कडक." म्हणजे त्याला कळलं होतं. कधी कळलं? सकाळीच? शर्ट तोंडावर धरला तेव्हा? आपल्याबद्दल इतरांना आधी कळतं आणि ते ताटाशी बसून आपली वाट बघत असतात. "उद्या बघू," ती म्हणाली. अंथरुणावर पडून ती स्वतःच्या मनाला त्या खोलीत पाठवत राहिली. एक साधी गोष्ट होती करून बघायची, अगदी साधी, ती तिला हॉस्पिटलच्या लिफ्टमध्येच सुचली होती, तिसऱ्या मजल्याच्या कुरकुरीशी, आणि तेव्हापासून ती तिच्याकडे पाठ करून उभी होती. न करता बरं होतं. न करता तिचं नाक गेलेलंही होतं आणि होतंही, आणि भाऊ दोन्हीकडे होता, बराही आणि. तिला थंडीवालीची चिप पहिल्यांदाच कळली, आतून कळली. एवढे सगळे रस्ते पायांखाली घेऊन उभं राहणं, कोणीही दिवा लावू नये म्हणून.

सकाळी तिने केस टोपीत कोंबले, चपला काढल्या. थंडीवाली म्हणाली, "आज वरून फोन होता. म्हणतात, इतकी स्थिर फेरी आजवर झाली नाही. तुमचं नाव घेतलं." "माझं नाव?" "म्हणजे, नाक कोण आहे, विचारलं." ती आत गेली. दार. अंधार. रबरी पट्टी. पहिल्या वाफ्याशी पोचायच्या आधी ओला पुठ्ठा आला, लगबगीने, आज जरा जास्तच, लाड करून घ्यायला आल्यासारखा. ती वाकली. चेहऱ्याला ऊब लागली, भुश्याची, जिवंत, पाळीव जनावराच्या कुशीसारखी ऊब, आणि ओल. ती खरी होती. तिच्या श्वासावर वाढलेलं काहीतरी तिच्यासमोर पसरलेलं होतं आणि वाट बघत होतं, किंवा वाट बिट काही बघत नव्हतं. भावाच्या कपाळावर हात ठेवला की अशीच ऊब लागते. तिने डाव्या हाताच्या दोन बोटांनी नाक घट्ट चिमटलं. तोंड मिटून घेतलं. ती तशीच थांबली. एकदा तिला वाटलं, काही नाही, गेला, म्हणजे तो खरा होता, म्हणजे इतके दिवस सगळं ठीक होतं. आणि ती बोटं सोडणार होती. मग तो आला. चिमटलेल्या नाकात, बंद तोंडात, ओला पुठ्ठा, भरघोस, स्वच्छ, पहिल्या दिवशी आला होता अगदी तसा. तसूभरही कमी नाही. जिवंत वाफ्याचा वास रोज थोडा बदलतो. हा बदललेला नव्हता, आणि किती दिवस बदललेला नव्हता हे तिला त्या क्षणीही सांगता आलं नसतं. तिने बोटं सोडली नाहीत. उजव्या हाताने चाचपत दोरी शोधली, ती नेहमीच्या जागी होती, आणि ओढली. आणि धरून ठेवली.

बाहेर घंटा आधी एकदा वाजली, मग तिचा लोलक अडकून राहिला. तिला वाटलं होतं गडबड होईल. काहीच ऐकू आलं नाही. दोरी ताणलेली, पलीकडच्या बाजूने कोणीतरी हळूच ओढून बघितली, मासा आहे का बघावं तशी, तिने सोडली नाही. मग जाड दार उघडलं आणि उजेड आत पडला, थंडीवालीच्या हातातला, पांढरा, आणि तिने आयुष्यात पहिल्यांदा ती खोली पाहिली. लहान होती. अंधारात तिने ती केवढी मोठी करून ठेवली होती. वाफे पांढरेशुभ्र होते, सगळे, कापूस पिंजून पसरावा तसे, सातवाही. थंडीवाली वाकून वाकून बघत होती. "हे चांगले आहेत," ती म्हणाली, आणि उजेड सातव्यावर नेला, "अहो, हे तर चांगले दिसताहेत सगळे!" मागे आत्याबाई उभ्या होत्या, डबा खायच्या वेळी असतात त्याहून लहान. "आंबलेलंही आधी पांढरंच दिसतं," आत्याबाई म्हणाल्या. त्यांनी नाकपुड्या फुगवल्या, पण दार उघडं होतं, वर्दळीची हवा आत आली होती, तीन माणसांचे श्वास झाले होते, आणि त्यांनी मान हलवली: आता कोणालाच सांगता येणार नव्हतं. "का थांबवलीत?" थंडीवालीने विचारलं. "मला वास येत नाही." "कधीपासून?" ती दोरी अजून धरूनच होती. डॉक्टरीणबाईंना आता कळवावं लागेल, त्या चष्मा काढतील, पुसतील, पुन्हा लावतील, आणि मग रोज येऊन बघतील, रोज रक्त, रोज थोडं कमी, थोडं जास्त, कठडा धरून. किंवा नाही बघणार. "कधीपासून, अहो?" तिने तोंड उघडलं. बुरशी उजेडात किंचित चमकत होती, आणि तिला आपल्या भावाला आधी फोन करायचा होता, वरच्या साहेबांच्या आधी, नवऱ्याच्या आधी, पण त्याला काय सांगायचं ते वाक्य तिच्याकडे नव्हतं, फक्त ते सांगताना त्याच्या तोंडाकडे बघायला लागू नये एवढंच होतं.

दोन उन्हाळ्यांनंतर भावाने तिच्या गॅलरीचा कठडा रंगवला. हिरवा. रंगाचा वास कधी गेला ते तिला त्यालाच विचारावं लागलं.